३० बाय ४० चा प्लॉट, एआय आणि रोबो: बेळगाव भागात साइटवर नेमकं काय चालतं?

पाया_भरणी
मंडळी, बेळगावात अनगोळ बाजूला ३० बाय ४० फुटांचा प्लॉट आहे. रस्ता दक्षिणेला, माती तांबडी. तळमजला आणि वर एक मजला बांधायचा आहे. एआयने नकाशा, प्रिंटरने भिंती, रोबोने वीटकाम असं सगळीकडे वाचायला मिळतं. आपल्या बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी भागात यातलं काय उपयोगी पडतं आणि काय अडतं, ते आकड्यांसकट सांगा की. स्लॅब मेअखेर टाकायचा विचार आहे.

ओळंबा
आधी नकाशा. चित्र काढणारं एआय वेगळं आणि नकाशा सोडवणारं सॉफ्टवेअर वेगळं, इथेच बहुतेकांची गल्लत होते. मिडजर्नी किंवा स्टेबल डिफ्यूजन दर्शनी भागाचं चित्र देखणं देतात, पण मापाशी त्यांचा काही संबंध नसतो. तपासायचं असेल तर त्या चित्रातला जिना मोजा.

मजल्याची उंची १० फूट, म्हणजे १२० इंच. १८ राइजर (पायरीचा उभा भाग) धरले तर एकेकाची उंची ६.६७ इंच. दोन टप्प्यांत ९-९. एका टप्प्यात ८ ट्रेड (पाय ठेवायचा आडवा भाग), १० इंचाने ८० इंच, म्हणजे ६ फूट ८ इंच. त्यात ३ फुटांचं लँडिंग मिळवलं की जिन्याची लांबी ९ फूट ८ इंच झाली. रुंदी दोन टप्प्यांची मिळून ६ फुटांवर थोडी. एआयच्या चित्रात हाच जिना ११-१२ पायऱ्यांत कोपऱ्यात बसवलेला असतो. त्यावर भरवसा ठेवून खोल्या ठरवल्या की जिन्यासाठी पुढे बेडरूमची तीन फूट जागा जाते.

उपयोग होतो तो दुसऱ्या जातीच्या साधनांचा. ग्रासहॉपर या आकड्यांवरून आराखडा बनवणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये कॉलमचं अंतर, खिडकीची रुंदी, छज्जा हे बदलते आकडे ठेवायचे आणि गॅलापागोससारख्या सॉल्व्हरला शेकडो पर्याय तपासायला लावायचे. लेडीबग जोडलं की ऊन किती येतं ते कळतं. बेळगाव साधारण १५.८५ अंश उत्तर अक्षांशावर आहे, त्यामुळे सूर्य मेच्या पहिल्या आठवड्यात आणि पुन्हा ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात बरोबर डोक्यावर असतो. २१ जूनला तर दुपारी तो साडेसात अंश उत्तरेकडे कललेला असतो. २१-२२ डिसेंबरला दुपारी सूर्याची उंची ५०.७ अंश. तुमच्या दक्षिणेच्या खिडकीवर २ फुटांचा छज्जा दिला तर त्या दिवशी खाली २.४४ फूट सावली पडेल. खिडकी ४ फूट उंच असली तर खालच्या दीड फुटातून थंडीचं ऊन आत येईल, आणि ते हवंच आहे. पश्चिमेचं गणित वेगळं. तिथे उन्हापेक्षा पावसाचा मारा जास्त आहे, आणि तो मारा ऊन मोजणाऱ्या मॉडेलमध्ये धरलेलाच नसतो. पश्चिमेचा छज्जा सॉफ्टवेअर कमी कर म्हणालं तरी करू नका.

सळई_बारा
ओळंबा सरांचं बरोबर. आता कॉलमबद्दल, कारण इथली चूक महागात पडते.

चॅटबॉटला "३० बाय ४० ला कॉलम किती?" विचारलं तर उत्तर हमखास ९ बाय १२ इंच येतं, कारण इंटरनेटवर तेच भरलंय. आयएस १८९३ या भूकंपाच्या भारतीय मानकाच्या २०१६ च्या आवृत्तीत बेळगाव भूकंप झोन ३ मध्ये आहे. झोन ३ ला आयएस १३९२० लागू होतं, आणि त्याच्या २०१६ च्या आवृत्तीत कॉलमची लहान बाजू किमान ३०० मिमी पाहिजे. ९ इंच म्हणजे २३० मिमी. उत्तर तिथेच बाद.

ढोबळ हिशेब स्वतः करून बघा. आतल्या कॉलमवर ४ बाय ३.५ मीटरचा भाग येतो असं धरा, म्हणजे १४ चौरस मीटर. मजल्यामागे १२ किलोन्यूटन प्रति चौरस मीटर, दोन स्लॅब. १४ × १२ × २ = ३३६ किलोन्यूटन. सुरक्षेसाठी दीडपट केलं की ५०४. आता ३०० बाय ३०० मिमीचा, एम २० दर्जाच्या काँक्रीटचा कॉलम, १६ मिमीच्या ४ सळया, म्हणजे ८०४ चौरस मिमी पोलाद (किमान ०.८ टक्के म्हणजे ७२० लागतं). आयएस ४५६ (काँक्रीटचं मानक) च्या सूत्राने काँक्रीट ७१४ आणि सळई २६९, मिळून ९८० किलोन्यूटनच्या आसपास. उभ्या भाराला भरपूर. मात्र भूकंपाचा वाक यात धरलेला नाही, तो इंजिनिअरनेच काढायचा. हा हिशेब एवढ्यासाठीच, की एआयने २०० बाय २०० किंवा ६०० बाय ६०० सांगितलं तर लगेच खटकावं.

पाया_भरणी
९ बाय १२ तर आमच्या गल्लीत सगळीकडे दिसतात. आणि प्रिंटरने भिंतींचं काय?

नोझल
बंगळुरात हलसूरला केंब्रिज लेआउटमधलं पोस्ट ऑफिस बघून या. १,०२१ चौरस फूट, ४३ दिवसांत पुरं केलं, १८ ऑगस्ट २०२३ ला उद्घाटन झालं. बांधकाम एल अँड टीचं, तांत्रिक मार्गदर्शन आयआयटी मद्रासचं. त्याआधी २०२१ मध्ये त्वस्ता कंपनीने आयआयटी मद्रासच्या आवारात ६०० चौरस फुटांचं घर छापलं होतं. म्हणजे तंत्र आपल्या देशात पक्कं बसलेलं आहे.

काम असं चालतं. खडी नसलेला घट्ट मसाला पंपाने नोझलपर्यंत जातो आणि फिरत फिरत एकावर एक थर पडतात. थर समजा ५० मिमी रुंद आणि १५ मिमी उंच. ३ मीटर भिंतीला २०० थर. भिंतींचा एक फेरा ३० मीटरचा आणि नोझलचा वेग सेकंदाला १०० मिमी धरला तर एका फेऱ्याला ५ मिनिटं आणि साडेबावीस लिटर मसाला. २०० थरांना नुसता छापण्याचा वेळ १७ तासांच्या आत आणि मसाला साडेचार घनमीटर. हा एकेरी पट्टा झाला. आत-बाहेर दोन पट्टे आणि मधली नागमोडी घेतली की आकडा दुपटीच्या वर जातो.

अडतं कुठे? मसाला पंपातून सरकण्याइतका पातळ आणि वरचे थर पेलण्याइतका घट्ट, दोन्ही एकाच वेळी असावा लागतो. त्याची वेळ चुकली की खालचा थर फुगतो नाहीतर पाइप तुंबतो. ५ मिनिटांनी येणारा थर वीज गेल्याने ४० मिनिटांनी आला तर खालचा पृष्ठभाग सुकलेला असतो आणि तिथे कच्चा सांधा राहतो. पावसात हाच सांधा पाणी ओढतो. वीज परत आली की नुसतं पुढे चालू करायचं नाही. वरचा थर तारेच्या ब्रशने खरवडायचा, ओला करायचा, सिमेंटची स्लरी लावायची आणि त्या थराचा नंबर नोंदवून ठेवायचा. जनरेटर पंपासाठी आणि प्रिंटरसाठी दोन्हीला पाहिजे.

तुमच्या प्लॉटला मात्र हे बसत नाही. गॅन्ट्रीचे, म्हणजे प्रिंटर धरणाऱ्या चौकटीचे खांब आणि रूळ भिंतीच्या बाहेर लागतात, आणि ३० फुटी प्लॉटला शेजारची भिंत चिकटून असते. शिवाय पाया, स्लॅब, नळ, वायरिंग नेहमीच्याच पद्धतीने करावं लागतं. फक्त भिंतींसाठी एवढं यंत्र आणायचं ते सारख्या मापाची दहा-वीस घरं एकाच जागी असतील तरच.

उद्यमबाग_लेथ
पंपाबद्दल एक भर. मसाल्याचा पंप स्क्रूसारख्या फिरत्या रोटरचा आणि त्याभोवतीच्या रबरी स्टेटरचा असतो. एम सँडचे (दगड दळून केलेल्या वाळूचे) कण टोकदार, त्यामुळे स्टेटर झिजतो, दाब उतरतो आणि थराची रुंदी हळूहळू कमी होते. डोळ्याला ते उशिरा दिसतं. दर १० थरांनी कॅलिपरने रुंदी मोजायची, ५० ची ४६ झाली की स्टेटर बघायचा. रोटर, नोझल, कपलिंग हे उद्यमबाग किंवा मच्छेत सीएनसीवर उत्तम होतं. स्टेटरच्या रबराचा दर्जा मात्र सांभाळा, साधं रबर टिकत नाही.

खानापूरचा_चिरा
रोबोने भिंत बांधायची तर दगड एका मापाचा पाहिजे. आपला जांभा खाणीवर मशीनने कापला तरी एका गाडीतच १० ते १५ मिमीचा फरक निघतो. गवंडी तो सांध्यात जिरवतो. दोरी बघतो, चिरा हातात फिरवून बरी बाजू बाहेर घेतो, मसाला कमी-जास्त करतो. ऑस्ट्रेलियातला हॅड्रियन एक्स ब्लॉक चिकटवतो मसाल्याऐवजी ॲढेसिव्हने, पातळ सांध्यात. १५ मिमीचा फरक त्यात मावणार कुठे? अमेरिकेतला सॅम १०० मसाला लावून वीट ठेवतो, पण सांधा साफ करायला आणि कोपरे धरायला माणूस लागतोच.

एएसी ब्लॉक (हलके, सच्छिद्र काँक्रीटचे) चालतील, त्यांच्या उंची-रुंदीत ३ मिमीच्या आतच फरक असतो. पण खानापूरच्या पश्चिमेला, कणकुंबीकडे, एएसीची पश्चिम भिंत उघडी ठेवू नका. ब्लॉक पाणी धरतो.

आरटीके_सर्व्हे
आखणीसाठी: जमिनीवर रेषा छापणारे रोबो आहेत, डस्टी रोबोटिक्सचा फील्डप्रिंटर त्यातलाच. त्याला सपाट, मोकळी स्लॅब आणि अचूक बीआयएम मॉडेल (इमारतीचं संगणकातलं त्रिमितीय रूप) लागतं. मोठ्या इमारतीला सोन्यासारखा. तुमच्या प्लॉटला टेप पुरे, आणि तुमचं नशीब बघा, ३० बाय ४० चा कर्ण बरोबर ५० फूट येतो. दोन्ही कर्ण मोजा. ३० फुटी दोन्ही बाजू एकाच टोकाला १ इंच कलल्या असतील तर एक कर्ण ०.८ इंच वाढतो आणि दुसरा ०.८ कमी होतो, म्हणजे फरक १.६ इंच. मोबाइलच्या लायडारवर (लेसरने अंतर मोजणारा सेन्सर) ही चूक पकडायला जाऊ नका, ५० फूट चालेपर्यंत त्याचं मोजमाप स्वतःच त्याहून जास्त सरकतं. लायडार खोली मोजायला चांगला, हद्द मोजायला नव्हे.

ड्रोन एकराच्या कामाला. कोणी लेआउट पाडत असेल तर ध्यानात ठेवा: ५० मीटर उंचीवर, एक इंच सेन्सरच्या २० मेगापिक्सेल कॅमेऱ्याने एक पिक्सेल साधारण १.४ सेंमीचा पडतो. फोटो पुढे-मागे ८० टक्के आणि बाजूने ७० टक्के एकमेकांवर यावेत. जमिनीवर किमान ५ खुणा, चार कोपऱ्यांत आणि एक मध्ये. मधली खूण टाळली की पृष्ठभाग बशीसारखा वाकतो. उंचीत ५ सेंमीची चूक राहिली तर एका एकरावर, म्हणजे ४,०४७ चौरस मीटरवर, २०२ घनमीटर मातीचा घोळ होतो. ५ घनमीटरचे ४० टिप्पर. ऊस किंवा तंबाखू उभा असताना उडवलं तर सॉफ्टवेअर शेंडे मोजतं, जमीन मोजत नाही.

उडवण्याआधी डिजिटल स्कायचा, म्हणजे ड्रोनसाठीचा सरकारी नकाशा उघडा. सांबऱ्याचा विमानतळ आणि कॅन्टोन्मेंट दोन्ही जवळ. विमानतळाच्या हद्दीपासून ८ ते १२ किमीच्या पट्ट्यात २०० फुटांच्या वर उडवायला परवानगी लागते, ८ किमीच्या आत तर जमिनीपासूनच लागते. २५० ग्रॅमच्या आतल्या ड्रोनलाही नकाशातल्या हिरव्या-पिवळ्या-लाल पट्ट्यांचा नियम सुटत नाही.

सळई_बारा
सळई कापण्यात संगणक खरा उपयोगी आहे, म्हणून सविस्तर लिहितो. सळई १२ मीटरची येते. समजा ४.२ मीटरचे ४० आणि ३.५ मीटरचे ४० तुकडे पाहिजेत, १२ मिमी व्यासाचे. वेगवेगळे कापले तर ४.२ चे दोन-दोन, २० सळया. ३.५ चे तीन-तीन, १४ सळया. एकूण ३४. एकत्र बसवले तर ४.२ + ४.२ + ३.५ = ११.९, उरलं फक्त १० सेंमी. अशा २० सळया आणि ३.५ च्या उरलेल्या २० तुकड्यांना ७, एकूण २७. वाचल्या ७ सळया, ८४ मीटर, ०.८८८ किलो मीटरमागे म्हणजे सुमारे ७५ किलो.

रिंग_मास्तर
दादा, हे चांगला फिटर डोळ्यानेच करतो. ३.६ चा उरलेला तुकडा तो टाकत नाही, त्यातून ३.५ काढतो.

सळई_बारा
मान्य. दोन मापं असली तर फिटरच पुरे. घराच्या यादीत १४-१५ मापं होतात, त्यात पुन्हा लॅप (दोन सळयांचा एकमेकांवर घेतलेला जोड) कुठे चालतो आणि कुठे नाही हे येतं, तेव्हा सॉल्व्हर जिंकतो. यादी फिटरसमोर ठेवूनच बनवा, कापायचा क्रम त्याला सोयीचा पाहिजे.

रिंग_मास्तर
मग कॉलमच्या सळयांभोवतीच्या रिंगांचंही लिहितो. कॉइलमधून ८ मिमी सरळ करून वाकवणारं ऑटोमॅटिक मशीन हा बांधकामातला सर्वात कामाचा रोबो आहे, कोणी त्याला रोबो म्हणत नाही एवढंच. कारण हुक. झोन ३ ला हुक १३५ अंशात आत वळलेला आणि पुढे सरळ शेपूट किमान ६५ मिमी पाहिजे. हाताने वाकवताना संध्याकाळपर्यंत हुक ९० अंशावर येतो आणि शेपूट ४० वर. भूकंपात कव्हर (सळईवरचा काँक्रीटचा थर) उडालं की ९० ची रिंग उघडते. मशीन शेवटची रिंगही पहिलीसारखीच देतं. ३०० च्या कॉलमला ४० मिमी कव्हर सोडून रिंग बाहेरून २२० बाय २२० सांगा. आतून माप आहे की बाहेरून ते लिहून द्या, नाहीतर रिंग १६ मिमीने मोठी येते आणि कव्हर मारला जातो.

दोन्ही_भाषा
तोंडी सूचना एआयने लिहून घेण्याची सवय वाढतेय, त्यात एक धोका आहे. साइटवर मराठी, कन्नड, हिंदी, उर्दू एकाच वाक्यात येतं. "सव्वाचार इंच दोन सूत", "दीडशेला ठेव", "एरडूवरे फूट" (कन्नडमध्ये अडीच फूट) हे नीट उतरत नाही. दीडशेचं दीड होतं, सूत तर गायबच होतं. सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, ३ मिमीच्या वर. सूचना बोलताना "एक पाच शून्य मिमी" असे सुटे आकडे बोला.

कागदपत्रांचंही तेच. कन्नड उतारा फोटोवरून भाषांतरित केला तर मजकुराचा अर्थ कळतो, पण कन्नड अंकांतले सहा आणि नऊ दिसायला जवळचे, झेरॉक्स धूसर असली की उलटतात. गुंठे आणि चौरस फूट दोन्हीकडून ताळा घ्या, १ गुंठा १,०८९ चौरस फूट.

काळी_माती_निपाणी
जुन्या घराच्या भेगा एआयने तपासण्याबद्दल थोडं. ०.२ मिमीची भेग दिसायला एक पिक्सेल ०.१ मिमीचा पाहिजे. ४,००० पिक्सेल रुंद फोटोत मग ४० सेंमी भिंतच मावते. अख्ख्या भिंतीचा एक फोटो टाकून मिळालेलं "भेग नाही" हे उत्तर निरुपयोगी. शेजारी पट्टी धरा, किंवा १० रुपयांचं नाणं, त्याचा व्यास २७ मिमी. आणि काळ्या मातीत एका फोटोवरून काहीच ठरवू नका. एप्रिलात उघडलेली भेग ऑगस्टात मिटते. त्याच जागेचे दोन्ही महिन्यांतले फोटो पाहिजेत. एआय रुंदी सांगेल, कारण माती बघून माणूसच सांगेल.

पाया_भरणी
खूप मिळालं. आता स्लॅबचं सांगा. मेअखेर वळीव असतो, भीती त्याचीच आहे.

घनमीटर
भीती रास्त आहे, पण स्लॅबवर पडणाऱ्या पावसापेक्षा वाळूच्या ढिगावर पडलेला जास्त घात करतो.

एक घनमीटरला सिमेंट ३६० किलो, पाणी १८० लिटर, एम सँड ७०० किलो धरा. पाणी-सिमेंट प्रमाण ०.५०. रात्री वळीव झाला आणि वाळूवर ५ टक्के ओल राहिली तर ३५ लिटर पाणी वाळूबरोबरच आत जातं. मिस्त्रीने ठरलेलं पाणी घातलं की २१५ भागिले ३६०, प्रमाण ०.६० वर. काँक्रीट हाताला मऊ लागतं, सगळे खूश होतात, आणि २८ दिवसांनी क्यूब (तपासणीचा काँक्रीटचा ठोकळा) ताकदीला कमी भरतो. सकाळी ५०० ग्रॅम वाळू तव्यावर सुटी होईपर्यंत भाजा. ४७६ भरली तर ओल ५ टक्के. वाळू स्वतः शोषते ते टक्का-दोन टक्के वजा करा, उरलेलं पाणी कमी घाला आणि तेवढी वाळू वजनात वाढवा. आरएमसी (तयार काँक्रीटच्या) प्लांटमध्ये हेच काम सेन्सर करतो आणि पाणी आपोआप कापतो, पण वाळूची खाण बदलली की सेन्सर पुन्हा जुळवून घ्यावा लागतो. फोनवर विचारायचा प्रश्न तोच: "सेन्सर या वाळूवर कधी जुळवला?"

टेकू कधी काढायचे यासाठी काँक्रीटमध्ये तापमानाचा सेन्सर ठेवता येतो. तापमान गुणिले दिवस असा साधा हिशेब असतो. शून्य अंश पाया धरला तर २८ अंशाला ७ दिवस म्हणजे १९६. डिसेंबरात सरासरी २० असेल तर तेवढ्यालाच १० दिवस लागतात. आयएस ४५६ मधले ७ दिवस (साडेचार मीटरपर्यंतच्या स्लॅबचे टेकू) हे ओपीसी (साध्या पोर्टलँड) सिमेंटचे आणि १५ अंशांच्या वरचे. पीपीसी (राख मिसळलेलं सिमेंट) वापरत असाल तर त्याच मिश्रणाचे क्यूब फोडून सेन्सर जुळवा, नाहीतर त्याचा आकडा दुसऱ्याच काँक्रीटचा असेल.

पाया_भरणी
काँक्रीट ओतण्याआधी सळईचे फोटो एआयला दाखवून तपासले तर चालेल का?

सळई_बारा
सळया मोजायला चालेल. ३.६ मीटर खोलीत १५० मिमी अंतराने २५ सळया पाहिजेत. २२ निघाल्या तर अंतर १७१ झालं. नुसता आकडा मागू नका, चॅटबॉट ठामपणे चुकीचा आकडा देतात. प्रत्येक सळईवर खूण केलेला फोटो मागा, म्हणजे सुटलेली सळई तुम्हालाच दिसेल. फोटो सरळ वरून, टेप आडवा ठेवून.

रिंग_मास्तर
वरच्या फोटोत उंची कळत नाही, हे विसरू नका. १२५ मिमी स्लॅबला, २० मिमी कव्हर सोडून, वरच्या ८ मिमी सळईची उपयोगी खोली १०१ मिमी. इलेक्ट्रिशियन पाइप टाकताना त्यावर उभा राहिला आणि सळई ३० मिमी दबली की राहिले ७१, ताकद तीसेक टक्क्यांनी गेली. वरून घेतलेल्या फोटोत सगळं जागच्या जागी दिसतं. म्हणून बाजूने, स्टीलची पट्टी उभी धरून, बीमच्या कडेला चार ठिकाणी फोटो घ्या, खाली चेअर (वरची सळई उचलून धरणारे टेकू) आहेत का बघा, आणि हे सगळं प्लंबर-इलेक्ट्रिशियन खाली उतरल्यावर, पंप चालू व्हायच्या आधी.